‘इतर’मधली ज्वारी

मी पिठावर जगते. जगात कुठल्या देशात कोणतं पीठ किती विकलं जातं आणि येत्या काही वर्षांत किती विकलं जाईल, याचे जाडजूड अहवाल निघतात. त्यातला भारताचा भाग मी लिहायचे. कंपनी पुण्याची, गिऱ्हाइकं जगभरची, आणि ऑफिस म्हणजे गारखेड्यातल्या आमच्या फ्लॅटमधलं खिडकीजवळचं टेबल. कुणी विचारलं तर मी ‘बाजाराचा अभ्यास करते’ म्हणून सांगायचे, आणि समोरच्याला वाटायचं ही शेअरमध्ये पैसे घालते. सासूबाई सोसायटीत सांगायच्या, "तिचं पिठाचं काम हाय." त्यामुळे दिवाळीच्या तोंडावर दोघीतिघी तरी माझ्याकडे चकलीच्या भाजणीची ऑर्डर द्यायला यायच्या. मी समजावत बसायचे नाही. भाजणी विकली असती तर निदान कुणाच्या तोंडात तरी गेली असती.

काम मात्र मला मनापासून आवडायचं, हे आधीच सांगते. दूर कुठं समुद्रात गव्हाची जहाजं अडली की आपल्याकडच्या मैद्याचा भाव कसा हलतो, गहू सोसत नाही म्हणणाऱ्या परदेशी लोकांमुळे तांदळाच्या पिठाला एकाएकी कशी मागणी आली, मका माणसाच्या ताटातून उठून कोंबड्यांच्या खाद्यात आणि गाड्यांच्या इंधनात कसा चालला आहे, हे सगळं मी जेवताना सांगत बसायचे आणि समोरच्यांची भाजी गार व्हायची. पण या अहवालांचा एक साचा असतो आणि त्या साच्याशी माझं पहिल्यापासून वाकडं होतं. त्यात रकाने ठरलेले. गहू, तांदूळ, मका, ओट, राय, आणि शेवटी ‘इतर’. आमची ज्वारी त्या ‘इतर’मध्ये. बाजरी तिच्या शेजारी, अंग चोरून. ज्या परदेशी रायचा दाणा मी जन्मात पाहिला नाही तिला स्वतःचा रकाना, आणि ज्या भाकरीवर अख्खा मराठवाडा वाढला ती ‘इतर’. तो तक्ता उघडला की दर वेळी माझं डोकं फिरायचं.

साहेबांना मी हे बोलून दाखवलं होतं. साहेब म्हणजे आमच्या गटाचे प्रमुख. वयानं माझ्यापेक्षा बरेच लहान, हुशार, आणि जिभेवर साखर. ते म्हणाले, "मॅडम, तुमची तळमळ कळते मला. पण ज्वारीचं पीठ विकलं कुठं जातं? लोक धान्य आणतात आणि गिरणीत दळून घेतात. पिठाचा व्यवहारच होत नाही, तर आपण मोजायचं काय?"

म्हणजे आम्ही रोज जे खातो ते पीठ त्यांच्या लेखी अजून जन्मालाच आलेलं नव्हतं. पाकिटात शिरेल तेव्हा ते जन्माला येणार आणि मग त्याचं बारसं होणार. याच साहेबांनी अहवालात आमच्या शहराचं नाव कोणतं लिहायचं म्हणून मला फोनवर फोन केले होते. शेवटी दोन्ही नावं लिहिली, नवं आधी आणि जुनं नंतर. शहराला दोन नावांची जागा मिळाली, ज्वारीला एका रकान्याची मिळेना.

इथपर्यंत मी कुरकुर करत का होईना, निभावून नेत होते. यंदाच्या अहवालात मात्र एक वाक्य आलं. अहवाल मागवणारी कंपनी परदेशातली होती, पीठ बनवणारी, आणि आमच्या शहराजवळ शेंद्र्याच्या बाजूला कारखाना टाकावा का याचा विचार करत होती. म्हणून मराठवाड्यावर वेगळं प्रकरण होतं. त्याचा मजकूर मात्र पुण्याच्या ऑफिसातूनच भरून आला आणि त्याच्या शेवटी लिहिलं होतं, की या भागातलं घरगुती दळण येत्या काही वर्षांत संपुष्टात येईल आणि ज्वारीची जागा गव्हाचं आणि मिश्र धान्याचं तयार पीठ घेईल. त्याखाली एक चौकट होती. ‘स्थानिक पडताळणी’. हे मी स्वतः प्रत्यक्ष पाहून तपासलं आहे, असं त्या भागात राहणाऱ्या माणसानं म्हणायचं आणि आपलं नाव घालायचं. त्या प्रकरणापुरतं ते माणूस मी होते.

मी आंधळी नाही. गिरणीवरची रांग आखडली आहे हे मला दिसतं. घरोघरी दळणाच्या छोट्या घरघंट्या आल्या आहेत. आमच्या सोसायटीतल्या नव्या सुनांना भाकरी थापता येत नाही आणि त्यांना त्याचं दुःखही नाही. माझी स्वतःची लेक भाकरी पाहिली की नाक मुरडते आणि मोबाईलवर पिझ्झा शोधते. ज्वारीचा पेराही कमी झालाय. अजिंठ्याकडे जाताना दोन्ही बाजूंना कपाशी आणि मका, मका आणि कपाशी. दुसरीकडे, जिच्या भाकरीला लोक गरिबाघरचं खाणं म्हणून हसायचे ती ज्वारी आता डॉक्टर लिहून देतात, आणि दुकानात भावात ती गव्हाला मागं टाकते. मग हे संपतंय, बदलतंय, की नुसतं हलतंय? मला माहीत नव्हतं. आणि माझं म्हणणं एवढंच होतं, की पुण्यात बसून ज्यानं ते वाक्य लिहिलं त्यालाही माहीत नव्हतं. कारण कुणी मोजलंच नव्हतं.

तेवढ्यात फुलंब्रीहून भावाचा फोन आला. माझं माहेर तिथलं. भाऊ शेती करतो आणि रोज मोटरसायकलवर शहरात येऊन एका शोरूममध्येही काम करतो. रब्बीच्या पेरणीचे दिवस होते.

"ताई, मोबाईलवर आलंय बग. ज्वारी संपनार म्हनं. कुन्या मोठ्या कंपनीचा रिपोर्ट हाय."

"आमचा नाही तो. दुसऱ्या कुणाचा तरी असेल," मी म्हणाले.

"कुनाचा का असंना. आडतवाल्यानं बी त्येच वाचून दाखिवलं. म्हनला, आता ज्वारीचं काय खरं नाय. मंग विहिरीकडची ती पट्टी मक्याला देऊन टाकू का?"

"आणि जनावरांना कडबा?"

"इकत घ्यायचा."

फोन ठेवला आणि मी त्या खिडकीशी बसूनच राहिले. इतकी वर्षं मला वाटत होतं की आम्ही लिहितो ते कपाटात जातं. पण ते कपाटात जात नाही. ते मोबाईलवर येतं, तिथून अडत्याच्या तोंडी जातं, तिथून माझ्या भावाच्या बांधावर. तो ज्वारी पेरत नाही, त्याचा शेजारी पेरत नाही, मग बाजारात ज्वारी येत नाही, ती महाग होते, लोक सोडतात, आणि पुढच्या अहवालात कुणीतरी मोठ्या तोऱ्यात लिहितं की आमचा अंदाज खरा ठरला. तो खरा ठरलेला नसतो, ठोकूनठोकून खरा पाडलेला असतो. मला इतका संताप आला की मी उठून उगाचच ओटा घासायला घेतला. त्याच तिरीमिरीत मी ठरवलं, त्या वाक्याखाली माझं नाव जाणार नाही.

साहेबांना कळवलं. त्यांनी वाद घातला नाही. म्हणाले, "मी येतोच आहे शेंद्र्याला जागा बघायला. मॅडम, तुमची ती गिरणी दाखवा मला. फोटोही लागतीलच."

साहेब आले ते नवरात्राच्या आधी, गिरणीच्या गर्दीच्या दिवसांत. आमच्या गल्लीच्या तोंडाशी जी गिरणी आहे ती एक चाची चालवते. तिचा नवरा गेल्यापासून तीच बघते. दुपार उलटली होती, ज्वारी चालू होती. रांगेत डबे लागलेले, बायका पायरीवर बसलेल्या.

आमच्याकडे गिरणीवर गेलं की पहिला प्रश्न एकच असतो, ‘कशावर आहे?’ म्हणजे आपल्या आधी कोणतं धान्य दळलं. गिरणी कधीच पुरती रिकामी होत नाही. मागच्याचं ओंजळभर पीठ आत राहतं आणि ते पुढच्याच्या डब्यात पडतं. म्हणून सकाळी गव्हावर गहू. दुपारनंतर ज्वारीवर ज्वारी, तिच्यामागे बाजरी. डाळी सगळ्यांत शेवटी. उपवासाचं दळण ठरलेल्या दिवशी, गिरणी झाडूनपुसून. कुणाला उशीर झाला आणि गहू संपून ज्वारी लागली, तर ती बाई आपला डबा ठेवून घरी जाते आणि दुसऱ्या दिवशी येते. पण मध्ये घुसत नाही. मी आजवर खाल्लेल्या प्रत्येक भाकरीत माझ्या पुढच्या बाईची ओंजळभर ज्वारी आहे, आणि माझी ओंजळ माझ्या मागचीच्या घरी गेली आहे. ती नमाज पढते की आरती करते हे कुणी विचारत नाही. धान्य कोणतं एवढंच विचारतात, आणि ते मात्र फार कडकपणे विचारतात.

हे मी साहेबांना सांगायला हवं होतं असं कुणी म्हणेल. पण मला वाटलं, हे काय सांगायचं? हे तर सगळ्यांना माहीत असतं.

साहेबांनी पाठीवरच्या पिशवीतून एक पुडकं काढलं. त्या परदेशी कंपनीनं नमुना म्हणून दिलेले ओट. त्यांना व्हिडिओ हवा होता, देशी गिरणीत परदेशी धान्य ताजं दळलं जातंय असा. चाची पाठमोरी होऊन कुणाचा तरी डबा वजनकाट्यावर ठेवत होती. मी कुणाला तरी पायरीवर सरकायला सांगत होते. साहेब पुढं झाले, एका हातात मोबाईल धरला आणि दुसऱ्या हातानं ते पुडकं गिरणीच्या वरच्या पेटीत, एका बाईच्या अर्ध्या दळलेल्या ज्वारीवर, बिनदिक्कत ओतलं.

मग जे झालं ते काय सांगू. गिरणीच्या आवाजावर बायकांचा आवाज चढला. चाचीनं वळून बघितलं आणि बटण बंद केलं.

"ओ साब! ये क्या डाल दिये जी तुम? ज्वारी चलरी ना, दिखरा नै क्या?"

"सॉरी, सॉरी. थोडंसंच आहे," साहेब म्हणाले.

"थोडंसं?" जिची ज्वारी होती ती बाई कंबरेवर हात ठेवून उभी राहिली. "आता ह्याची भाकर कशी थापू मी? आन् हिच्या मागं माझ्या नणंदेचं दळन हाय, ते कशावर टाकू? तुमच्या ह्या भुशावर?"

"पुण्याचे हायेत," मी कसंबसं म्हणाले. त्या क्षणी दुसरं काही सुचेना.

"मंग पुन्यात न इचारता टाकत्यात का?" मागून कुणीतरी विचारलं आणि सगळ्या हसल्या. पण हसून प्रश्न सुटत नव्हता. अशा वेळी आमच्याकडे रीत ठरलेली आहे. ज्यानं मोडलं त्यानं धुऊन द्यायचं. त्यानं स्वतः ज्वारी आणायची, ती गिरणीतून काढायची, आणि ते पीठ जनावरांना जातं. ज्याचं दळण नासलं त्याचं भरून द्यायचं ते वेगळंच. साहेब शेजारच्या किराणा दुकानात गेले आणि दोन्ही हातांत ज्वारीच्या पिशव्या घेऊन आले. चाचीनं त्यातली एक गिरणीतून काढली, दुसरी त्या बाईच्या डब्यात ओतली, आणि वरून फर्मावलं, "अब ठैरो. इनका पूरा हुए बगैर जानेका नै." साहेब थांबले. कपड्यांवर, भुवयांवर पीठ उडालेलं. तेही हसत होते, हे त्यांच्या बाजूनं सांगायला हवं. माणूस वाईट नव्हता.

परतताना गल्लीत ते म्हणाले, "मजा आली. पण मॅडम, किती असंघटित क्षेत्र आहे हे!"

मी रस्त्यात थांबले. "असंघटित? सर, तुम्ही एक मूठ चुकीची टाकलीत तर सगळ्या बायकांनी गिरणी बंद पाडली. तुमच्याकडून धुऊन घेतली. कुठं पाटी लावलेली नाही, कुणी पहारेकरी नाही. आणि तुम्ही याला असंघटित म्हणता? मग तुमच्या त्या कारखान्यात काय वेगळं असतं, पाटी?"

"तो फक्त आपल्या क्षेत्रातला शब्द आहे हो," ते समजुतीनं म्हणाले.

"मग शब्द बदला."

ते हसले. मला त्यांच्या हसण्याचाही राग आला.

घरी सासूबाईंनी जेवायला केलं होतं. ज्वारीच्या भाकरी, वांग्याचं भरीत, ठेचा. साहेबांनी एक मागितली, मग अजून एक, मग मान खाली घालून जेवतच राहिले. सासूबाई तव्यावरची गरम भाकरी त्यांच्या ताटात टाकत म्हणाल्या, "परवाच दळलंय. म्हनून चांगली झाली. जुन्या पिठाची इरी जाती, मंग नुस्त्या कडा फाटत्यात."

इरी म्हणजे विरी, पिठाचा चिकटपणा, ज्याच्यावर भाकरी थापली जाते. ज्वारीच्या पिठात तो थोडे दिवसच टिकतो. म्हणून आम्ही आठवड्यापुरतं दळतो. पाकिटातलं ज्वारीचं पीठ कारखान्यातून निघून गोदामात, दुकानात, मग घरात पोचेस्तोवर त्याची विरी गेलेली असते. बाजाराच्या अभ्यासात ही गोष्ट पहिल्या पानावर असायला हवी. आमच्या एकाही अहवालात ती नव्हती, कारण त्यात ज्वारीच नव्हती.

हात धुऊन साहेब म्हणाले, "आजी, असं पुण्यात मिळत नाही."

"मंग हे संपनार म्हनून कशाला लिवता?" सासूबाईंनी सरळ विचारलं. मी आठवडाभर घरात जे बोलत होते ते त्या ऐकत होत्या तर.

साहेबांनी माझ्याकडे बघितलं. मग खुर्चीवर बसून अगदी शांतपणे समजावलं. म्हणाले, "मॅडम, पैसे देणाऱ्याला दिशा हवी असते. संपतंय किंवा वाढतंय. तुम्हाला नक्की काय लिहायचंय?"

"घरगुती दळण किती आहे ते आम्ही मोजलेलं नाही, असं लिहा. त्याखाली मी आत्ता नाव घालते."

"‘माहीत नाही’ कोण विकत घेतं, मॅडम?"

खरंच कुणी विकत घेत नाही. तरी मी हो म्हणाले नाही. ते गेले, आणि नवरा संध्याकाळी आल्यावर म्हणाला, "एवढ्या एका वाक्यासाठी? घालून टाक की. कोण वाचतं?" मी म्हणाले, "माझा भाऊ वाचतो." पण मला भीती वाटत होती, हे कबूल करते. या वयात, या शहरात, घरी बसून असं काम पुन्हा मिळत नाही. मी रागात असले की फार शूर असते. राग उतरला की महिन्याचा हिशेब मांडत बसते.

त्यानंतर काही दिवसांनी त्या परदेशी कंपनीबरोबर ऑनलाईन बैठक झाली. अहवालाची प्रत पडद्यावर उघडलेली. पान सरकत सरकत मराठवाड्याच्या प्रकरणावर आलं. ते वाक्य तसंच होतं. आणि त्याखालच्या चौकटीत माझं नाव होतं.

मी ते घातलं नव्हतं. कुणी मला विचारलंही नव्हतं. साहेबांना बहुधा वाटलं असेल, की ही बाई बोलते फार, पण शेवटी गप्प बसेल. किंवा त्यांनी विचारच केला नसेल. पुडक्यातले ओट ओतले तसं माझं नाव ओतलं. माझे कान तापले. समोरच्या चौकोनांत कितीतरी चेहरे होते आणि सगळे त्या पानाकडे बघत होते.

त्या कंपनीकडून एक बाई बोलत होत्या. पांढरे केस, चष्मा, बोलणं मोजकं. त्या वाक्यावर थांबल्या. म्हणाल्या, "आमचा निर्णय बराचसा यावर आहे. इथं ज्यांचं नाव आहे त्या बैठकीत आहेत का?"

"आहेत," साहेब लगेच म्हणाले. "त्या तिथंच राहतात."

"छान. मग तुम्ही हे स्वतः पाहून तपासलंय ना?"

टेबलावरचा माझा मोबाईल उजळला. साहेबांचा निरोप होता. ‘फक्त हो म्हणा मॅडम. बाकी मी बघतो.’

स्वयंपाकघरात सासूबाई धान्य पाखडत होत्या, त्या सुपाचा आवाज येत होता. मला वाटलं होतं की अशा वेळी माणसाला काहीतरी मोठं सुचतं. मला काही सुचलं नाही.

"नाही," मी म्हणाले.

मला वाटलं आवाज बंद पडला की काय, म्हणून मी पुन्हा मोठ्यानं म्हणाले, "नाही. मी हे तपासलेलं नाही. आणि ते नाव मी घातलेलं नाही."

साहेब काहीतरी बोलायला लागले, तांत्रिक चूक वगैरे. त्या बाईंनी हात वर करून त्यांना थांबवलं. "मग खरं काय आहे?"

"आम्हाला माहीत नाही. आम्ही पाकिटं मोजतो. इथली माणसं पाकिटातलं खात नाहीत, ती दळून आणतात, आणि ते दळण कुणी कधी मोजलेलं नाही. तुम्हाला हवं असेल तर मी मोजून देईन. गिरणीवर जाऊन बसेन, गावोगाव जाईन, आणि कमी होत असेल तर कमी होतंय असंच लिहीन. मला वाईट वाटलं तरी लिहीन. पण न मोजलेलं माझ्या नावावर खपवायचं नाही."

माझं इंग्रजी रागात फार चांगलं होतं, हा शोध मला त्या दिवशी लागला. त्या बाईंनी चष्मा काढून पुसला. मग म्हणाल्या, "आभारी आहे. आम्ही विचार करू." आणि पान पुढं सरकलं. पुढच्या पानावर ओट होते.

बैठक संपल्यावर साहेबांचा फोन आला. या वेळी जिभेवरची साखर पार विरघळली होती.

"काय मिळालं तुम्हाला हे करून?"

"तुम्ही माझं नाव न विचारता घातलंत, सर."

"माझं सोडा. तुम्हाला काय मिळालं? आता या प्रोजेक्टवर तुम्हाला ठेवता येणार नाही, एवढं तरी कळतंय ना?"

"कळतंय."

"आणि पुढचंही कठीण आहे."

"बरं," मी म्हणाले, आणि फोन ठेवला. मग बाथरूममध्ये जाऊन नळ सोडून रडले. रडले ते पश्चात्तापानं नाही, चिडून. इतकी वर्षं इमानेइतबारे केलेलं काम असं एका फोनवर संपतं, याची चीड आली होती. बाहेर आले तेव्हा सासूबाई दारातच उभ्या होत्या.

"गेलं का?"

"गेलं."

"जाऊंदे. लई बरं झालं," त्या म्हणाल्या. मग थोडं थांबून, "खोटं नाय बोललीस ना?"

"नाही."

"व्हय, मला ऐकू येत व्हतं. इंग्रजी कळत नाय, पर ‘नो’ कळतंय." आणि त्या वळून सुपाशी गेल्या.

भावाला मी त्याच दिवशी फोन केला. ज्वारी पेर असं मी त्याला सांगितलं नाही. शेत त्याचं, घाम त्याचा. मी फक्त सांगितलं, ते जे मोबाईलवर येतं ना, ज्वारी संपणार म्हणून, ते कुणी मोजलेलं नाही.

"न मोजता छापलं?" त्याला खरंच नवल वाटलं.

"हो."

"मंग ही तर आमच्या पारावरची गप झाली की गं ताई! म्या उगा तिच्यावर इसंबून मका टाकत व्हतो." तो हसत सुटला. कितीतरी दिवसांनी मीही पोट धरून हसले. त्यानं काय पेरलं ते मी विचारलं नाही.

अहवाल यथावकाश निघाला. एका जुन्या सहकाऱ्यानं तेवढं पान मला पाठवलं. वाक्य जसंच्या तसं होतं. चौकटीत पुण्यातल्याच एका मुलाचं नाव होतं, जो आमच्याकडे कधीतरी लेणी बघायला येऊन गेला असेल तर असेल. त्या परदेशी बाईंनी पुढं काय ठरवलं ते मला माहीत नाही, आणि शेंद्र्याला कारखाना येतो की नाही तेही माहीत नाही. नवरा म्हणाला, "बघ, छापलंच शेवटी. काय फरक पडला?"

फरक पडला. मी बोलले नव्हते तोवर हे कुणी मोजलेलं नाही हे ते वाक्य लिहिणाऱ्याला ठाऊक नव्हतं, आणि ठाऊक नसताना माणूस लिहून जातो. पण भर बैठकीत, सगळ्यांच्या देखत, त्यांच्या तोंडावर मी सांगितलं की हे कुणी मोजलेलं नाही. त्यानंतर त्यांनी ते छापलं. आता नकळत चूक झाली असं त्यांना आयुष्यात कधी म्हणता येणार नाही.